पार्किंगमधून चोरीला गेलेला पाय

ताईंना सगळे ‘पायवाल्या ताई’ म्हणायचे. कृत्रिम पाय बनवायचा त्यांचा व्यवसाय होता, आणि त्यात त्या इतक्या बुडालेल्या असायच्या की रस्त्याने जाणाऱ्या माणसाचा चेहरा बघायच्या आधी त्यांची नजर त्याच्या चालीवर जायची. ज्याचा पाय गुडघ्याखाली कापावा लागला आहे, त्याच्या उरलेल्या पायाचा प्लास्टरमध्ये साचा घ्यायचा, त्यावरून खोलगट वाटी घडवायची, ती कुठे टोचते, कुठे सैल पडते ते बघायचं, आणि मग पुन्हा घासत बसायचं. माणूस ‘ठीक आहे’ म्हणाला तरी ताईंचा विश्वास बसत नसे. त्या त्याच्या कपाळाकडे बघायच्या. कपाळाला आठी पडली की पाय परत कारखान्यात.

त्या दिवशी त्यांच्याजवळ बेकरीवाल्या काकांचा पाय होता. काकांचं सगळं आयुष्य भट्टीसमोर उभ्यानं गेलेलं. पायाला झालेली जखम चिघळली आणि पाय गेला, तेव्हापासून त्यांनी पलंग धरला होता. पहिला पाय दुसरीकडून करून घेतला, तो असा टोचला की त्यांनी तो पलंगाखाली ढकलला आणि घरात पायाचं नावच काढू द्यायचं नाही असं ठरवलं. बेकरी काकू सांभाळत होत्या. ताईंनी काकांच्या मिनतवाऱ्या केल्या, रागावल्या, गप्पा मारायला म्हणून गेल्या आणि हळूच साचा घेऊन आल्या. काका शेवटी म्हणाले, “तुमचं मन मोडवत नाही म्हणून. पण ही शेवटची वेळ.”

सकाळी काकूंचा फोन आला. “ताई, ह्यांनी आज आपणहून दाढी केली आहे. कधीची वाट बघतायत. लवकर या.”

निघताना ताईंच्या लक्षात आलं, की पायाच्या आत घालायचे जाड सुती मोजे संपलेत. वाटेवरच्या बाजारसंकुलात ते मिळायचे. त्यांनी गाडी तिथल्या पार्किंगच्या तिसऱ्या मजल्यावर लावली. डिकी प्लास्टरच्या पोत्यांनी भरलेली होती, म्हणून पाय मागच्या सीटवर ठेवलेला होता. वहिनींनी वाढदिवसाला दिलेल्या चामड्याच्या देखण्या बॅगेत तो अगदी मावायचा. बॅगेवर काहीतरी झाकावं असं त्यांच्या मनात आलं, पण ‘आत्ता जाते आणि आत्ता येते’ असं स्वतःशी म्हणत त्या पळाल्या.

मोजे घेऊन परत आल्या तर गाडीची मागची काच फुटलेली होती आणि सीटवर काचांचा खच पडला होता. बॅग नव्हती.

त्यांनी सीटखाली बघितलं, मग डिकीत बघितलं, मग वेड्यासारखं परत सीटखाली बघितलं. समोरच्या मोठ्या गाडीत एक ड्रायव्हर मालकाची वाट बघत बसला होता. तो उतरून आला आणि काच बघून त्याचा चेहरा उतरला.

“हेल्मेट घातलेला एक जण बॅग घेऊन जिन्याकडे गेला,” तो म्हणाला. “मला वाटलं, गाडी त्याचीच आहे. काच फुटल्याचा आवाज कसा आला नाही हो मला? डुलकी लागली असणार.”

“तुमचा काय दोष त्यात,” ताई म्हणाल्या. त्यांचा हात धरल्यासारखा करून ड्रायव्हर त्यांना खाली गेटवर घेऊन गेला.

गेटवर पहारा देणाऱ्या बाईंना तिथे सगळे ‘शिट्टीवाल्या मावशी’ म्हणत. अंगाने थोराड, आवाज खणखणीत. रेषेबाहेर गाडी लावणारे भलेभले त्यांच्या शिट्टीला बिचकून असायचे.

“काय गेलं?” मावशींनी विचारलं.

“पाय,” ताई म्हणाल्या.

मावशींनी आधी ताईंच्या एका पायाकडे बघितलं, मग दुसऱ्याकडे. मग ड्रायव्हरकडे बघितलं. ताईंना रडू आणि हसू दोन्ही एकदम आलं, आणि त्या भरात त्यांनी सगळं सांगून टाकलं. काकांचा पलंग, पहिला पाय, आजची दाढी, सगळं. मावशी ऐकत होत्या. त्यांनी खांद्यावरचा पट्टा नीट केला आणि म्हणाल्या, “चला, कॅमेरे बघू.”

पडद्यावर सगळं स्वच्छ दिसलं. हेल्मेटवाला जिन्याने दुसऱ्या मजल्यावर उतरला, खांबाच्या आड बसला, त्याने बॅग उघडली आणि साप बघितल्यासारखा मागे सरकला. मग घोट्याला धरून पाय बाहेर काढला, इकडेतिकडे बघितलं आणि कठड्यावरून बाहेर भिरकावून दिला. रिकामी बॅग काखेत मारून तो लोकांच्या घोळक्यात मिसळला आणि चालत बाहेर पडला.

“बॅग आवडली मेल्याला,” मावशी म्हणाल्या. त्यांनी पोलिसांना फोन लावला आणि ताईंना घेऊन त्या कठड्याखालच्या मागच्या आवारात धावल्या. तिथे दुकानांचा माल चढायचा-उतरायचा. फरशीवर पाय पडला असता तर त्याची वाटी तडकली असती, हे ताईंना कळत होतं. पण तिथे पाय नव्हताच. तुकडासुद्धा नव्हता.

मग मावशींनी कर्णा हातात घेतला. एरवी त्यावर ‘अमुक नंबरची गाडी हलवा’ एवढंच ऐकू यायचं. आज साऱ्या मजल्यांवर त्यांचा आवाज घुमला. “सगळ्यांनी लक्ष द्या. एका आजारी माणसाचा नवा पाय चोराने इथे फेकलेला आहे. पाय नकली आहे, घाबरू नका. आपापल्या गाडीखाली, झाडांत, कचऱ्याच्या डब्यात बघा. सापडला तर उचलून गेटवर आणा. आपटू नका.”

ताईंना वाटलं होतं, लोक हसतील आणि आपापल्या वाटेने जातील. कोणी हसलं असेलही. पण बघता बघता आवारात माणसं जमली. एक म्हाताऱ्या बाई छत्रीच्या टोकाने कुंपणाची झुडपं चाचपू लागल्या. गाडीला ओरखडा कोणी काढला यावरून भांडत असलेले नवरा-बायको भांडण अर्धवट टाकून कचऱ्याचे डबे उपसायला लागले, आणि उपसता उपसता हळू आवाजात पुन्हा भांडायलाही लागले. ड्रायव्हर पांढऱ्याशुभ्र गणवेशानिशी पोटावर झोपून एकेका गाडीखाली बघत होता. त्याचा मालक पिशव्या घेऊन आला, त्याने हा प्रकार बघितला आणि काय चाललंय ते विचारलं. ड्रायव्हर तोंडाने सांगत राहिला, डोकं काही वर केलं नाही. मालकाने पिशव्या जमिनीवर ठेवल्या आणि पलीकडच्या गाड्यांखाली वाकून बघायला सुरुवात केली.

ताई मधोमध उभ्या होत्या. या माणसांतलं त्यांच्या ओळखीचं कोणी नव्हतं.

तेवढ्यात मावशींनी कपाळावर हात मारला. “अगं बाई, इथे तर गाद्यांचा टेम्पो उभा होता. भरून गेला मघाशी.” त्या तशाच गाद्यांच्या दुकानात शिरल्या. दुकानदाराने टेम्पोवाल्याला फोन लावला. रिंग वाजत राहिली. पुन्हा लावला, पुन्हा तेच.

“उचलत नाही,” दुकानदार म्हणाला. “गाडी चालवताना तो कधीच फोन घेत नाही. फार पक्का आहे त्या बाबतीत.”

एरवी ताईंनी अशा माणसाचं कौतुक केलं असतं. आज मात्र त्या फोनकडे बघत नुसत्या उभ्या राहिल्या. दरम्यान पोलीस आले, काच बघून गेले, चोराचं चित्र घेऊन गेले. काकूंचे दोन फोन येऊन गेले. ताईंच्याने ते उचलवेनात. काय सांगणार होत्या? पाय हरवला म्हटल्यावर काका काय म्हणतील, ते त्यांना आत्ताच ऐकू येत होतं. ते रागावणार नव्हते. ‘बरं’ एवढंच म्हणून भिंतीकडे तोंड करणार होते. पुन्हा साचा घेऊ देणार नव्हते.

आणि मग टेम्पो स्वतःच गेटातून आत आला.

टेम्पोवाला खाली उतरला. त्याने पाय दोन्ही हातांत आडवा धरला होता, लहान मूल धरावं तसा. जमलेल्या गर्दीकडे बघून तो बावरला.

“सिग्नलला उभा होतो,” तो सांगू लागला. “मागचा मोटारसायकलवाला ओरडायला लागला, अहो, तुमच्या गाद्यांत कोणीतरी झोपलंय, पाय बाहेर आलाय. उतरून बघतो तर खरंच पाय. माझ्या काळजात धस्स झालं. मग हात लावून बघितला. म्हटलं, माल इथूनच भरला, म्हणजे हा इथलाच. ज्याचा असेल तो बिचारा एका पायावर उभा असेल. गाद्या काय, उशिरा पोचवता येतील. म्हणून वळवली गाडी.”

ताईंनी पाय हातात घेतला. वाटीच्या कडेवरून बोट फिरवलं, आत हात घालून बघितलं, घोट्याचा स्क्रू तपासला, पाय गेटच्या सपाट ओट्यावर उभा करून डोळा बारीक करून बघितलं. गाद्यांनी त्याला झेललं होतं. नडगीवर एक ओरखडा होता, बाकी कुठे काही नाही.

“चांगला आहे,” त्या म्हणाल्या आणि तिथेच ओट्यावर बसून रडल्या. सगळ्यांचा जीव भांड्यात पडला. छत्रीवाल्या बाईंनी त्यांच्या पाठीवरून हात फिरवला. ड्रायव्हरने कुठूनतरी प्लास्टिक आणि चिकटपट्टी पैदा करून फुटलेली काच झाकली आणि सीट झाडून दिली. ताईंनी टेम्पोवाल्याला काही देऊ केलं तर तो दोन पावलं मागे सरला. “तसलं काही नको. ते चालायला लागले की मला कळवा फक्त.”

काकांच्या घरी त्या पोचल्या तेव्हा जेवणाची वेळ टळून गेली होती. काका गुळगुळीत दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून खुर्चीत बसले होते आणि चांगलेच फुगले होते.

“आलात एकदाच्या.”

वाटेत ताईंनी ठरवलं होतं, रस्त्यात गाडी बंद पडली असं सांगायचं. पण नडगीवरच्या ओरखड्यावर काकांची नजर गेली, आणि ताईंना खोटं बोलवेना. त्यांनी सगळं सांगितलं. हेल्मेटवाला, कर्णा, झुडपांत छत्री, गाद्या, सिग्नल. काकू ओल्या हातांनी स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. काका ऐकता ऐकता पुढे सरकून बसले.

“म्हणजे,” ते म्हणाले, “मी इथे खुर्चीत, आणि माझा पाय माझ्या आधीच गावभर हिंडून आला?”

आणि ते हसायला लागले. हसता हसता त्यांना ठसका लागला, काकू पाणी घेऊन धावल्या. ते हसू घरात परत कधी ऐकायला मिळेल असं काकूंना वाटलं नव्हतं.

“हा ओरखडा पुसून देते मी,” ताई म्हणाल्या.

“राहू द्या. चढवा.”

ताईंनी मोजा चढवला, पाय बसवला, पट्टा आवळला. काका दोन खुर्च्यांच्या पाठी धरून उभे राहिले. ताई त्यांच्या कपाळाकडे बघत होत्या. काकांनी वजन एका पायावरून दुसऱ्यावर नेलं. कपाळ सपाट होतं. मग त्यांनी एक खुर्ची सोडली, आणि काकूंच्या खांद्यावर हात टाकून ते खिडकीपर्यंत गेले.

“तिथे किती जण शोधत होते म्हणालात?” बाहेर बघत त्यांनी विचारलं.

“मोजायचं भान कोणाला होतं, काका? खूप होते.”

“हं.” त्यांनी नव्या पायाने जमीन हलकेच दाबून बघितली. मग म्हणाले, “त्या सगळ्यांनी शोधलाय म्हटल्यावर वापरायला हवा.”

काका भट्टीसमोर परत उभे राहिले त्याला थोडे महिने लागले. सुरुवातीला टोचलंच, दोनदा ताईंनी वाटी घासून दिली, एकदा काकांनी पाय रागाने काढून ठेवला आणि संध्याकाळी आपणहून परत चढवला. मग एका सकाळी त्यांनी ताईंना बोलावून घेतलं. बेकरीच्या दारात पावांच्या आणि बिस्किटांच्या टोपल्या भरून ठेवल्या होत्या. काल दुपारपासून काका कोणाला भट्टीजवळ येऊ देत नव्हते, असं काकू म्हणाल्या.

टोपल्या ताईंच्या गाडीत गेल्या. त्याच पार्किंगमध्ये काका गाडीतून उतरले आणि कोणाचाही हात न धरता गेटपर्यंत चालत गेले. मावशींनी त्यांच्या चालीकडे बघितलं, मग त्यांच्या चेहऱ्याकडे, आणि शिट्टी गळ्यातून काढून खिशात ठेवली. काकांनी हात जोडले. मावशींनी टोपली घेतली आणि त्यांना बसायला स्वतःची खुर्ची दिली. काका बसले नाहीत.

गाद्यांच्या दुकानदाराने कळवलं होतं, म्हणून टेम्पोवालाही येऊन थांबला होता. त्याने काकांना टेम्पोच्या मागे नेलं आणि पाय नेमका कुठे पडला होता ते दाखवलं. काकांनी त्या कोपऱ्यातल्या गादीवर हात दाबून बघितला, आणि मग दोघं गाद्यांबद्दल, पावांबद्दल, पहाटे उठण्याबद्दल बोलायला लागले. मोठ्या गाडीचा ड्रायव्हरही त्यांच्यात येऊन मिळाला. काका उभ्यानेच बोलत होते, बोलताना मधूनच वजन डाव्यावरून उजव्यावर नेत होते.

ताईंना खरं तर दुसऱ्या एका माणसाचा साचा घ्यायला जायचं होतं. पण त्या आपल्या गाडीला टेकून उभ्या राहिल्या, टोपलीतलं एक बिस्कीट तोंडात टाकलं आणि त्यांना म्हणाल्या, “चालू द्या तुमचं. मला काही घाई नाही.”