गोलूचं वजन

पिंपळगाव राजाच्या एका शाळेत प्रसेनजित वानखडे सर एकोणीस वर्षांपासून विज्ञान शिकवत होते, आणि त्यातली शेवटची पाच वर्षं ते उंदीर पाडत होते.

यात क्रौर्य काही नव्हतं, प्रयोगाचा मुद्दाच तो होता. दर विज्ञान दिनाला सर पोषण आहाराच्या खोलीतल्या पिंजऱ्यात सापडलेला एखादा उंदीर पहिल्या मजल्याच्या गॅलरीत न्यायचे आणि खालच्या फरशीवर टाकायचे. उंदीर पडायचा, आपण कुठं आलो याचा क्षणभर अंदाज घ्यायचा आणि तांदळाच्या पोत्यांकडं चालू लागायचा. पोट्टे टाळ्या वाजवायचे. मग सर फळ्याशी जाऊन कारण सांगायचे. जनावराची लांबी दुप्पट झाली की त्याची कातडी चौपट होते, पण वजन होतं आठपट. वजन खाली ओढतं, कातडीला लागणारी हवा वर थोपवते. म्हणून जनावर जितकं लहान, तितकी हवा त्याच्या बाजूनं. मुंगीला तर पडणं म्हणजे काय हेच ठाऊक नाही. पाल छतावरून हजेरीपटावर पडते आणि हजेरी न लावता निघून जाते. खार चिंचेच्या शेंड्यावरून पडली तरी शेपटी झटकून पुन्हा झाडावर. बकरी पडली तर पाय जातो, आणि म्हैस पडली तर पंचनामा होतो.

वर्गात वामनराव सर नसले तर आणखी एक उदाहरण असायचं. वामनराव म्हणजे मुख्याध्यापक. तीन वर्षांपूर्वी ते फोटोला हार घालताना स्टुलावरून पडले होते. उंची अडीच फूट, प्लास्टर सहा आठवडे. नियमाला याहून चांगला पुरावा सरांना दुसरा मिळाला नव्हता.

गेल्या वर्षी या प्रयोगाची बातमी पेपरात आली, फोटोसह. फोटोत उंदीर दिसत नव्हता, सर दिसत होते. यंदा मग खामगावहून शिक्षण विस्तार अधिकारी पूनम मॅडम स्वतः बघायला येणार असं ठरलं. आवडलं तर प्रयोग जिल्ह्याला पाठवू, म्हणाल्या. सरांनी बुलढाण्याच्या सभागृहात स्वतःला मनातल्या मनात दोनदा उभं करून पाहिलं.

आणि यंदाच पिंजरा रिकामा. सरांनी आठ दिवस पापड लावला, मग खोबरं, मग चक्क भजं. उंदरांनी तांदूळ सोडला नाही. शेवटी विज्ञान दिनाच्या आदल्या दिवशी सरांनी सातवीच्या वर्गात विचारलं, "कोणाच्या घरी उंदीर सापडला का रे?"

वर्ग हसला. तिसऱ्या बाकावरून शाइस्तानं हात वर केला.

"सर, माह्याजवळ चुहा हाय. पांढरा. मामूनं बाजारातून आणला."

"पाळलेला?"

"हाव सर. गोलू नाव हाय त्याचं."

खरं म्हणजे सगळी माहिती नावातच होती. पण सरांच्या डोळ्यासमोर कॉलेजच्या प्रयोगशाळेतला बोटाएवढा पांढरा उंदीर आला, त्यामागं जिल्हा आला, आणि नाव तेवढं बाजूला राहिलं.

"उद्या घेऊन येजो."

शाइस्ता उभीच राहिली. "सर, लागन तर नाही ना त्याले?"

"पाच वर्षांत एका तरी उंदराले लागलं का?"

"नाही सर."

"मंग? उंदराले लागत नाही. हे मी नाही म्हणत, विज्ञान म्हणते."

विज्ञान म्हणतं म्हटल्यावर शाइस्ता बसली. तिचा विज्ञानावर विश्वास होता. तो पाच वर्षं सरांनीच बसवला होता.

दुसऱ्या दिवशी पूनम मॅडम अकराला आल्या. पाहुणे आले की सरांची भाषा पुण्याला जाऊन यायची. "आपण थोडं मागे उभ्या राहा, मॅडम, इथून दृश्य उत्तम दिसेल," असं म्हणत त्यांनी मॅडमना गॅलरीत नेलं. खाली पटांगणात साडेतीनशे पोट्टे माना वर करून बसलेले. शाइस्ता पहिल्या रांगेत. तिनं सकाळी आणलेली टोपली, वर ओढणीचा तुकडा बांधलेली, गॅलरीतल्या टेबलावर होती. ती उघडून बघायची राहून गेली होती, कारण सर सकाळपासून भाषण पाठ करत होते.

भाषण झालं. मॅडमनी मोबाइल वर धरला. सरांनी ओढणी सोडली, टोपलीत हात घातला आणि गोलूला उचललं.

हाताला काय लागलं ते त्यांना त्याच क्षणी कळलं. हा उंदीर नव्हता. गिनीपिग होता. शाइस्ताच्या घरी त्याला चुहा म्हणत, कारण दुसरा शब्द त्यांना कुणी दिला नव्हता. पोटाखाली हात धरला तर तळवा भरून वर उरला. एक किलोला थोडं कमी. साध्या उंदराच्या चाळीसपट तरी. सरांना आकडा लगेच सुचला, कारण एकोणीस वर्षं त्यांनी दुसरं काही केलंच नव्हतं. बोटांना त्याचं काळीज लागत होतं, धडधड अशी की मोजता येऊ नये.

"सर, आटपा ना," मागून वामनराव हळूच म्हणाले, "मॅडमचा हात दुखून राह्यला."

सर थांबले. किती थांबले हे पुढं व्हिडिओवरून कळलं, चार सेकंद. चार सेकंदांत माणूस बरंच काही म्हणू शकतो. हा उंदीर नाही, असं म्हणायला दीड सेकंद पुरतो. पण साडेतीनशे पोट्टे, मॅडम, मोबाइल, बुलढाणा. सरांना वाटलं, फार तर लंगडेल. आणि त्यांनी हात उघडला.

आवाज असा व्हायला नको होता. उंदराचा आवाजच होत नसे.

पोट्ट्यांनी सवयीनं टाळ्या सुरू केल्या आणि मधेच सोडून दिल्या. गोलू चालला नाही. पुढचे पाय हलवत होता, मागचे त्याचे राहिले नव्हते. शाइस्ता उठून त्याच्याजवळ गेली आणि त्याला हात लावायचा की नाही हे न कळून तशीच उकिडवी बसली.

जनावरांच्या दवाखान्यात सर तिला आपल्या गाडीवर घेऊन गेले. डॉक्टर भला माणूस होता. त्यानं कोपरापर्यंतचे हातमोजे बाजूला ठेवले आणि गोलूला दोन बोटांनी तपासलं. "माह्याजवळची सगळ्यात लहान सुई वासराची हाय, सर," तो म्हणाला. "आणि असती तरी पाठ गेली याची."

संध्याकाळी गोलू मेला.

शाळेत तोवर सगळं ठरून गेलं होतं. "हातातून सुटला बिचारा," असं वामनराव मॅडमना म्हणाले होते, मॅडम ड्रायव्हरला म्हणाल्या, आणि शिपाई गोपाल ते गावभर म्हणत होता. सरांनी तो शब्द ऐकला तेव्हा त्यांच्या अंगातून गार वारं गेलं, बरं वाटल्यासारखं. आणि बरं वाटलं म्हणून मग लाज वाटली. कप हातातून सुटतो. दोर सुटतो. सुटणं कोणीच करत नाही, ते होतं. त्यांनी "हो, सुटला" असं म्हटलं नाही. "नाही" असंही म्हटलं नाही. वामनरावांनी अहवाल पुढं ठेवला, त्यात "प्रयोगादरम्यान प्राणी हातातून सुटला" असं होतं, आणि सरांनी सही केली. सही वळणदार आली, याचंच त्यांना रात्रभर वाईट वाटत राहिलं.

"व्हिडिओत तुम्ही थांबलेले दिसता ते चांगलं दिसते," वामनराव म्हणाले. "वाटते, जपून धरून राह्यले."

शाइस्ता दोन दिवस शाळेत आली नाही. तिसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर सर तिच्या घरी गेले. काय बोलायचं ते त्यांनी वाटेत ठरवलं होतं: दुःख झालं म्हणायचं, नवा आणून देतो म्हणायचं, निघायचं. खोटं यात काहीच नव्हतं, आणि म्हणूनच हे बोलणं त्यांना आवडलं होतं.

शाइस्ताची दादी खैरुन्निसा ओट्यावर लसूण सोलत होती. सरांना पाहून ती लगबगीनं उठली आणि आतली एकुलती एक खुर्ची पदरानं पुसून दिली.

"बैठो सर, बैठो. तुम्ही काऊन तकलीफ घेतली? हमीच येणार होतो शाळेत."

"नाही, मीच म्हटलं..."

"लडकी नादान हाय. चुहा कोनता, काय कोनता, तिले काय समजते? साऱ्या गावासमोर तुमची मान खाली गेली. माफ करा बापा तिले." आणि तिनं खरोखर हात जोडले.

सरांना खुर्चीत बसवेना आणि उठवेना.

"मावशी, असं नका करू."

"चाय पिऊन जा," असं म्हणत ती चुलीकडं गेली.

शाइस्ता दाराशी उभी होती. डोळे सुजलेले, पण वेणी घट्ट घातलेली. हातात वहीचं एक पान होतं.

"सर, वामनराव सरांनी लिवून मांगतलं. गोपालभाऊ सांगून गेले. अहवालाले जोडायचं म्हणे." तिनं पान पुढं केलं. "शुद्धलेखन तपासता का?"

सरांनी पान घेतलं. अक्षर तिचं नेहमीसारखंच, गोल आणि सुबक. समास सोडलेला. त्यात लिहिलं होतं:

"मी चुहा सांगून चूकीचा प्राणी आणला. तो मोठा होता हे मी सांगीतले नाही. त्यामूळे सरांच्या हातातून प्राणी सुटला. यात सरांची चूक नाही. मी पून्हा असे करणार नाही."

सरांनी खिशातून लाल पेन काढला. दुसरं काही करणं सुचलं नाही म्हणून. 'चूकीचा' मधला दीर्घ ऱ्हस्व केला. 'सांगीतले' मधला केला. 'त्यामूळे' मधला केला. हात पुढच्या शब्दांवर आला आणि थांबला. इथं शुद्धलेखनाची चूक नव्हती. शब्द अगदी बरोबर लिहिला होता.

आत चहा उकळल्याचा वास आला. आणखी मिनिटभरात दादी बाहेर येणार, कप देणार, पुन्हा हात जोडणार.

सरांनी 'सरांच्या हातातून' वर रेघ मारून वर 'सरांनी' लिहिलं. 'सुटला' वर रेघ मारली आणि 'सोडला' लिहिलं. पान तिच्याकडं दिलं.

शाइस्तानं वाचलं. हुशार पोरगी होती, दुरुस्ती कुठं कुठं झाली ते ती आधी बघायची. तीन वेलांट्या-उकारांवरून तिची नजर गेली आणि चौथ्या जागी राहिली.

"हे समजलं नाही सर."

"हातात घेतला तवाच मले समजलं होतं, की हा उंदीर नाही," सर म्हणाले. आवाज त्यांना वाटला त्यापेक्षा लहान निघाला. "वजन समजलं होतं. पडला तर काय होईन, तेही समजलं होतं."

"मंग?"

"मंग सोडला."

"काऊन?"

याचं उत्तर सरांकडं होतं, चार शब्दांचं, पण ते तिच्यासमोर उच्चारण्यासारखं नव्हतं. शाइस्ता थांबली. वर्गात सर थांबत तसंच, उत्तर येईपर्यंत.

"मॅडम पाहून राह्यल्या होत्या," सर शेवटी म्हणाले.

ती रडली असती तर बरं झालं असतं. तिनं फक्त पान उलटं करून मागची कोरी बाजू पाहिली, आणि दप्तरातून वही काढून सरांच्या मांडीवर ठेवली.

"मंग हे तुम्हीच लिवा सर. मी काऊन लिवू?"

सरांनी लाल पेन खिशात ठेवून निळा काढला. वहीचं पान उघडलं, समास सोडला. 'मी' लिहिलं. एवढा सोपा शब्द, पण पुढचा येईना.

खैरुन्निसा कप-बशी घेऊन बाहेर आली. "सर, क्या लिख रहे?"

"माफीनामा, दादी," शाइस्ता म्हणाली. "उनका है."

दादी नातीकडं बघत राहिली, मग सरांकडं. तिला काय आणि किती कळलं ते तिच्या चेहऱ्यावरून कळेना. तिनं चहा खुर्चीशेजारी जमिनीवर ठेवला. या वेळी हात जोडले नाहीत. ती ओट्यावर जाऊन बसली आणि पुन्हा लसूण सोलू लागली. शाइस्ता खुर्चीमागं उभी राहून सर काय लिहितात ते वरून वाचत होती.

"मी," तिनं वाचलं. आणि पुढच्या शब्दाची वाट बघत राहिली.