काजवालीचा रुमाल

खिडक्या लावून घेतल्या होत्या. शिवणखात्यातल्या आम्ही तीस जणी श्वास रोखून उभ्या होतो. चोर शोधायला मालकांनी आणलेला बाबा एकेकीचा रुमाल बाटलीतल्या 'तीर्था'त भिजवी, चिमट्यात धरून पेटवी. निळा जाळ भडके, विझे आणि रुमाल जसाच्या तसा!

"अग्नी कुणाचा मामा नाही!" बाबा गरजला. "रेशमाचा तागा जिनं उचलला, तिचाच रुमाल जळणार!"

माझा वाचला. काजं करणाऱ्या बाईचा मात्र भसकन जळून काळा पडला.

"उद्यापासून येऊ नकोस," मालक तिला म्हणाले. ती आमच्याकडे आळीपाळीनं बघत राहिली. मी मान खाली घातली.

कारण कापडावरचे डाग स्पिरिटनं काढायचं काम माझं. सकाळी बाबानं माझ्याकडूनच दोन बाटल्या भरून घेतल्या होत्या. एकीत निम्मं स्पिरिट, निम्मं पाणी, दुसरीत निव्वळ स्पिरिट. त्याच्या बडबडीला हसणारी काजवाली एकटीच होती, हेही मी पाहिलं होतं. सगळं कळत होतं, तरी मूग गिळून बसले. बोलले असते तर संशय माझ्यावर आला असता. सांगायलाही लाज वाटते.

दुसऱ्या दिवशी तिची रिकामी खुर्ची बघवेना. दुपारी मी मालकांसकट सगळ्यांना बोलावलं, खिडक्या उघडल्या, पदर खोचला. माझ्याच रुमालाचे दोन तुकडे तशाच भरलेल्या दोन बाटल्यांतून भिजवले, बुचं घट्ट लावून बाटल्या पलीकडच्या खोलीत ठेवल्या, हात धुऊन कोरडे केले. जवळ ओलं पोतं घेतलं.

पाणीवाला तुकडा पेटवला. विझल्यावर तो शाबूत होता.

"स्पिरिट जळतं, पाणी कापडाला जपतं," मी म्हणाले आणि दुसरा पेटवला.

"हा पेटलाच नाही की!" मालकांनी हात पुढे केला.

"हात मागे! उजेडात हा जाळ दिसत नाही. विझला समजून वरून आणखी ओतलं, तर बाटली हातातच पेटते!"

बघता बघता तुकड्याच्या कडा काळ्या पडल्या. मी पोतं टाकून तो विझवला.

मालक स्वतः जाऊन काजवालीला घेऊन आले.

"चुकलं गं माझं," मी तिचा हात धरला.

"बोललीस, बरं झालं," ती म्हणाली. "पण काल माझ्या लेकीनं मला विचारलं, 'आई, तू खरंच घेतलास का गं?'"



तेव्हा बायांनो, चमत्कार दिसला की हात जोडण्याआधी विचारा, बाटलीत काय आहे? आणि जिला ठाऊक असेल, तिनं तिथंच तोंड उघडावं. मी एक दिवस उशिरा बोलले. तो दिवस मला तिला परत देता येत नाही.