छातीवरचा पाय

कसाई दिवसा दातांच्या कवळ्या बनवायचा. एका दवाखान्यामागच्या खोलीत, डोळ्याला भिंग लावून, म्हाताऱ्या माणसांना चार घास नीट चावता यावेत म्हणून तो एकेक दात घासून गुळगुळीत करायचा. आणि शनिवारी संध्याकाळी रबरी एप्रन चढवून कसाई या नावानं कुस्तीच्या रिंगमध्ये उतरायचा आणि समोरच्याचे दात घशात घालायचा. म्हणजे तसं दिसायचं. खरं तर बावीस वर्षांत त्यानं कुणाचा एक दातही हलवला नव्हता, आणि याचा त्याला मनातून भारी अभिमान होता. पण तो सांगायचा कुणाला? लोक तिकीट काढून यायचे ते त्याला शिव्या द्यायला, आणि शिव्या खाण्यात त्याचा हात धरणारा दुसरा कोणी नव्हता.

पोलाद हा त्याचा बावीस वर्षांचा वैरी. लोकांच्या लेखी वैरी, घरात मात्र साडू. बायकोच्या धाकट्या बहिणीसाठी हे स्थळ कसाईनंच सुचवलं होतं. मुलगा काय करतो, असं सासऱ्यांनी विचारलं तेव्हा तो म्हणाला होता, "आठवडाभर लिफ्ट दुरुस्त करतो आणि शनिवारी माझा मार खातो." सासरे पोट धरून हसले. जावई गमत्या आहे, एवढंच त्यांना कळलं.

आता या खेळाचा मालक म्हणजे जुन्या वळणाचा माणूस. त्याचा एकच नियम होता: वैरी ते वैरी. दोघं बाहेर कधीही एकत्र दिसता कामा नयेत. हॉलमध्ये यायची दारं वेगळी, कपडे बदलायच्या खोल्या वेगळ्या, घरी जायचे रस्तेसुद्धा वेगळे. "माणूस तुम्हाला एका टेबलावर चहा पिताना बघेल," मालक म्हणायचा, "आणि पुढच्या शनिवारी घरी झोपेल." दोघांनी हा नियम असा काही अंगी बाणवला की काय सांगावं. पोलादच्या लग्नात फोटोवाला जाईपर्यंत कसाई भांड्यांच्या खोलीत एका उलट्या पातेल्यावर बसून होता. भाची झाली तेव्हा तिला बघायला तो दवाखान्यात मागच्या जिन्यानं गेला. कुणी म्हणेल, हा वेडेपणा झाला. होताच तो वेडेपणा. पण सगळ्या घरानं तो बावीस वर्षं मुकाट्यानं पाळला होता.

आज तो वेडेपणा सुटणार होता. पोलादची मान गेली दोन वर्षं कुरकुर करत होती. डॉक्टरांनी हात टेकले तेव्हा त्यानं एक शेवटचा सामना मागून घेतला. सामना संपला की तो माईक हातात घेणार आणि भरल्या हॉलला सांगणार की हा राक्षस माझा सख्खा साडू आहे, आणि मग दोघं सगळ्यांसमोर मिठी मारणार. मालकानंही कुरकुरत का होईना, मान्य केलं होतं. ती मिठी बघायला म्हणून मेहुणी आयुष्यात पहिल्यांदा सामन्याला येणार होती. एरवी शनिवारी ती घरी बसून दाराकडे कान लावायची.

दुपारी तिनं कसाईला फोन केला. "भाऊजी, ह्यांना धड घरी आणा."

"बावीस वर्षं आणतोच आहे की."

"आज मी समोर असणार आहे. मला भीती वाटते."

"घाबरू नकोस. माझ्या हातून त्याला काही होणार नाही," कसाई म्हणाला. असं काही तो कधी बोलत नसे, पण त्या दिवशी बोलून गेला.

ज्या हॉलमध्ये एरवी बॅडमिंटन चालायचं तिथं त्या संध्याकाळी पाय ठेवायला जागा नव्हती. असा रंग पूर्वी कधी भरला नव्हता, हे मालकही कबूल करत होता. पहिल्याच सामन्यात दोन पोरांनी एकमेकांच्या पाठीवर इतक्या ट्यूबलाइट फोडल्या की रिंग झाडायला चार माणसं लागली. मग दोन बायकांचा सामना झाला. त्यातल्या छोट्या चणीच्या बाईनं दुपटीच्या बाईला टाचण्यांच्या ढिगावर आपटलं आणि स्वतःही तिच्यावर पडली. मग काटेरी तार गुंडाळलेल्या खुर्च्या आल्या. तारेची निम्मी टोकं सकाळी पक्कडीनं मोडलेली असत, निम्मी तशीच ठेवलेली असत, कारण थोडं रक्त खरं लागतंच. सुतार रिंगखाली वाकून टेबलांच्या फळ्या खालून अर्ध्या कापून ठेवत होता. लोकांचे घसे आधीच बसले होते.

शेवटी कसाई आणि पोलाद. दोघांनी जीव ओतला. कसाईनं त्याला खुर्चीनं बडवलं, त्यानं कसाईला तारेवर लोळवलं. ठरल्याप्रमाणे मधेच पंचाला धक्का लागला आणि तो रिंगबाहेर बेशुद्ध पडला, म्हणजे पालथा पडून मजेत श्वास घेत राहिला. हेही ठरलेलंच: पंच शुद्धीवर नसताना कसाई जास्त कसाईपणा करतो, आणि लोक जास्त चिडतात. मग दोघं बारा फुटी शिडीवर चढले. वर पोचल्यावर पोलाद कपाळावरचं रक्त पुसण्याच्या निमित्तानं पुटपुटला, "माझी बायको तिसऱ्या रांगेत आहे. जरा बेतानं."

"तुझी कसली, माझी मेहुणी आहे," कसाई पुटपुटला, आणि त्यानं साडूला ढकललं.

असं त्यानं आजवर पन्नास वेळा तरी ढकललं असेल. पोलाद पाठीवर सपाट पडायचा, कापलेलं टेबल खाली बसायचं आणि अंगाला फार काही लागायचं नाही. आज टेबल मोडलं, पण आवाज जरा निराळा आला. सुतारानं लाकूड बदललेलं दिसतंय, असा विचार कसाईच्या मनात आला आणि शिडी उतरता उतरता निघूनही गेला.

पोलाद निपचित पडला होता. इथं एक गोष्ट सांगायला हवी. मेल्यासारखं पडणं ही पोलादची खासियत होती. बाकीचे पहिलवान मार खाल्ल्यावर कण्हायचे, तंगड्या झाडायचे. हा मात्र असा पडायचा की पहिल्या रांगेतल्या बायका तोंडावर हात ठेवायच्या. साऱ्या धंद्यात त्याच्या पडण्याला तोड नव्हती. कसाईनं पुढं ठरलं होतं तसंच केलं. एक पाय साडूच्या छातीवर ठेवला, दोन्ही हात फैलावले आणि लोकांना डिवचायला सुरुवात केली. एक मिनिट हे चालायचं होतं. मग पोलाद अचानक त्याचा घोटा पकडणार, उठणार, त्याला आडवा करणार आणि जिंकणार. कसाईनं खाली नजर टाकली. छाती हलतानाही दिसत नव्हती. आज साडूनं कमाल केली, असं त्याला वाटलं.

"झकास, साडू," तो ओठ न हलवता म्हणाला.

तेवढ्यात सगळ्या गदारोळातून एक आवाज आला. "भाऊजी, पाय काढा. भाऊजी, ह्यांना काहीतरी झालंय."

त्यानं तो स्पष्ट ऐकला. मेहुणी खुर्चीवर उभी राहिली होती. आजूबाजूची माणसं वळून तिच्याकडे बघत होती. आणि कसाईला राग आला. बावीस वर्षं जे सांभाळलं ते ही बाई अवघी दहा मिनिटं आधी चव्हाट्यावर आणते आहे. आता माईकवर साडूनं सांगण्यासारखं काय उरणार? त्याच्या शेवटच्या रात्रीचा बोऱ्या वाजवते आहे वेडी. पहिल्यांदाच सामना बघते आहे, घाबरली बिचारी, हेही मनात आलं. पण आधी बिंग झाकायला हवं होतं. म्हणून त्यानं तिच्याकडे बोट केलं, गळ्यावरून अंगठा फिरवला आणि छातीवरच्या पायावर सगळा भार टाकला. हॉल नुसता पेटला. अशा शिव्या त्याला उभ्या जन्मात पडल्या नव्हत्या, आणि खोटं कशाला बोला, त्या क्षणी त्याला बरं वाटलं.

मिनिट उलटलं. घोट्यावर हात आला नाही. "साडू, बास," तो म्हणाला. "ऊठ आता." मग तो वाकला. पोलादचे डोळे उघडे होते. मेल्याचं सोंग घेताना तो नेहमी डोळे मिटायचा.

कसाईनं झटकन पाय काढला आणि गुडघ्यांवर बसला. "डॉक्टरला बोलवा," तो ओरडला. लोक हसले. कसाई रडतोय, नवीन नाटक काढलंय, असं म्हणून कुणीतरी त्याच्या पाठीवर रिकामी बाटली मारली. तो पुन्हा पुन्हा ओरडत राहिला, आणि जितका जीव तोडून ओरडला तितका हॉल खूश झाला. शेवटी पंच डोळे उघडून आत आला, त्यानं पोलादच्या नाकाशी हात धरला, आणि मग दिवे लावले गेले. दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. मान मोडली होती, डॉक्टर म्हणाले. पडल्यावर थोडा वेळ श्वास चालू असावा. किती वेळ, ते त्यांना सांगता आलं नाही, आणि जास्त विचारायचं कसाईला धाडस झालं नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी तो बायकोबरोबर मेहुणीच्या घरी गेला. पुढच्या जिन्यानं. जिन्यात बायकोनं त्याला थांबवलं.

"ती विचारेल," बायको हलक्या आवाजात म्हणाली. "तीन दिवस सारखी मला विचारते आहे. तुम्ही ऐकलं नाही म्हणून सांगा. एवढ्या गोंगाटात कुणालाच ऐकू आलं नसतं. अहो, त्यात खोटं असं काय आहे? तिला तुमच्याशिवाय आता आहे कोण? आणि मला तरी एकच बहीण आहे."

त्यानं मान हलवली. घर गप्प होतं. भाची आतल्या खोलीत झोपली होती. मेहुणी स्वयंपाकघरात टेबलाशी बसली होती, समोर गार झालेला चहा. डोळे कोरडे होते. बायकोनं चहाचं आधण ठेवलं आणि उगाच कप विसळायला घेतले.

"त्यांचा उजवा हात अंगाखाली अडकला होता," मेहुणी म्हणाली. "मानेमुळे त्या कुशीवर ते दोन वर्षं झोपले नव्हते. क्षणभरसुद्धा सहन व्हायचं नाही. तुम्हाला वरून दिसलं नसेल. मला दिसलं."

कसाई तिच्यासमोरची खुर्ची ओढून बसला.

"भाऊजी, मी ओरडले ते तुम्हाला ऐकू आलं होतं?"

"अगं, तिथं इतका गोंधळ होता..." बायको म्हणाली.

"ताई, मी ह्यांना विचारते आहे."

लोकांना खोटं ते खरं वाटायला लावणं, हेच तर त्यानं बावीस वर्षं केलं होतं. एक 'नाही' म्हणायला त्याला काहीच जड नव्हतं. चेहरा कसा करायचा, आवाज कुठं उतरवायचा, सगळं त्याला ठाऊक होतं. त्यानं मेहुणीकडे पाहिलं आणि त्याला ते जमेना.

"आलं होतं," तो म्हणाला. "पहिल्या हाकेलाच आलं. मला वाटलं, तू आमचं बिंग फोडते आहेस. म्हणून मी पाय जास्त दाबला."

बायकोच्या हातातला कप तसाच राहिला. चहा उतू जाऊ लागला तरी कुणी उठलं नाही.

मेहुणीनं समोरचा गार चहा बाजूला सारला. मग ती म्हणाली, "तीन दिवस मला वाटतं आहे की माझाच आवाज कमी पडला. अजून जोरात ओरडले असते, धावत पुढं गेले असते, तर ते वाचले असते. मी नुसती खुर्चीवर उभी राहिले."

"नाही," कसाई म्हणाला. "तुझा आवाज पोचला होता."

तिनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं आणि तीन दिवसांत पहिल्यांदा ती रडली. बायकोनं गॅस बंद केला आणि तिला जवळ घेतलं. कसाई उठला. इथं थांबावं की जावं, त्याला कळेना. तो दारापर्यंत गेला.

"जाऊ नका," मेहुणी तोंडावरचे हात न काढता म्हणाली. "पण माझ्याजवळही येऊ नका."

कसाई दाराजवळच जमिनीवर बसला आणि ती रडत होती तोवर बसून राहिला.