टोपीवर बसणारं हेल्मेट

नानांच्या, म्हणजे आमच्या वडिलांच्या, तेराव्याला गंधमुक्तीच्या दिवशी भावकीने कुंदनच्या तुळतुळीत डोक्यावर पांढरी टोपी चढवली, आणि माझा धाकटा भाऊ घरातला कर्ता पुरुष झाला. दुसऱ्या दिवशी सकाळी तो कामावर निघाला. साक्रीजवळच्या आमच्या गावापासून त्याची धुळ्याची कंपनी पन्नास किलोमीटरवर आहे. रस्ता तोच, ज्यावर नाना पडले.

तो गाडी पुसत होता, तेवढ्यात आई आतून नानांचं हेल्मेट घेऊन आली. पोलिसांनी परत दिलेलं. एका बाजूला थोडंसं खरचटलं होतं, बाकी नव्यासारखं.

"हाई घाल," ती म्हणाली. "तुन्हा नानास्ना आशीर्वाद शे. डोकावर ऱ्हाऊ दे."

कुंदनने आजवर कधी हेल्मेट घातलं नव्हतं. नाना ओरडून थकले होते. आज त्याने मुकाट्याने हात पुढे केला.

ओट्यावर जीवराम काका बसले होते. "पोर असावी तर अशी," माझ्याकडे बघत ते म्हणाले. "तिनी हेल्मेट घी दिन्हं, म्हणीसन भाऊनं तोंड तरी दखाले मिळनं."

तेरा दिवस मी हे ऐकत होते. भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला आई हेच सांगायची. नानांचा चेहरा खरंच जसाच्या तसा होता, झोपल्यासारखा. आईला धरायला तेवढंच उरलं होतं, आणि ते मी दिलं आहे असं ती समजत होती.

हेल्मेट मीच घेऊन दिलं होतं. दिवाळीत नानांना धुळ्याच्या दुकानात नेलं तेव्हा दुकानदार म्हणाला, "नाना, टोपी काढा, माप बघतो." नाना भडकले. "टोपी काढू? मी काय मयतमा वनू का?" आमच्याकडे मयतीला आलेला सोडला, तर म्हातारा माणूस बोडक्याने चारचौघांत उभा राहत नाही. दुकानदाराने टोपीवरूनच एक घालून पाहिलं, बसेना. मग त्याहून मोठं काढलं आणि हाताने हलवून दाखवलं. "ताई, हे फिरतंय डोक्यावर. टोपी खिशात ठेवायला सांगा, लहान बसेल." नाना दाराकडे निघाले होते. मला वाटलं, आज हे असेच गेले तर पुन्हा कधी घेणार नाहीत. मी म्हणाले, "मोठंच द्या."

कुसुंब्याच्या पुढे रस्त्यात उभी असलेली ट्रॉली चुकवताना नानांची गाडी घसरली. ते पाठीवर आपटले. हेल्मेट दहा पावलांवर सापडलं. दवाखान्यातल्या डॉक्टरांनी मला एकटीला बाजूला घेतलं. "हेल्मेट मोठं होत होतं का त्यांना? बक्कल लावलेलं आहे, तरी डोक्यावरून निघालंय. मार सगळा मागच्या बाजूला आहे. मापाचं असतं तर..." त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि वाक्य सोडून दिलं. मी ते कोणालाही सांगितलं नाही.

आता कुंदनने टोपीवरून हेल्मेट चढवलं. आईने स्वतःच्या हाताने बक्कल लावलं आणि दोन पावलं मागे सरून बघू लागली. बारा-तेरा दिवसांत तिच्या चेहऱ्यावर पहिल्यांदा काहीतरी हललं.

"बसतंय का?" मी विचारलं.

"एकदम मोकळं. हवा खेळतेय आत." तो हसला. "मी तर उगाच घाबरत होतो."

त्याने किल्ली लावली. नको घालू म्हटलं, तर तो नुसत्या टोपीवर जाईल. घाल म्हटलं, तर मी त्याला पुन्हा तेच डोक्यावर देऊन पाठवते आहे. का नको, ते सांगायचं तर आईसमोरच सांगावं लागणार.

"थांब," मी म्हणाले.

मी त्याच्या मागे गेले. हेल्मेटच्या मागच्या काठाखाली बोटं घातली आणि वर, पुढे ढकललं. फार जोर लागला नाही. बक्कल तसंच राहिलं आणि हेल्मेट टोपीसकट त्याच्या कपाळावरून, नाकावरून घसरून हातात आलं. उन्हात त्याचं डोकं चमकलं.

"नानांचं असंच निघालं," मी म्हणाले. "डॉक्टरांनी सांगितलं मला. मोठं होतं. दुकानदारही सांगत होता. मीच घेतलं."

जीवराम काका उठून उभे राहिले आणि पुन्हा बसले.

कुंदनने हेल्मेटमधली टोपी काढून घेतली. मग ती घडी करून त्याने खिशात घातली. "बसने जातो आज," तो म्हणाला.

"धुळ्यात माप देऊन घे. डोक्यावर घट्ट बसलं पाहिजे. गाल दाबले गेले पाहिजेत."

"घेतो." त्याने माझ्याकडे पाहिलं नाही. तो स्टँडकडे चालू लागला.

आई जिथे होती तिथेच होती. तिने माझ्या हातातून हेल्मेट घेतलं, उलटसुलट करून पाहिलं. मग ओट्याच्या पायरीवर बसली, पदर सारखा केला आणि पदरावरून ते स्वतःच्या डोक्यावर घातलं.

"आई, नको."

"बक्कल लाय."

मी तिच्यापुढे उकिडवी बसून बक्कल धरलं. तिसऱ्या वेळी ते लागलं.

"आते ढकल," ती म्हणाली. "जसं त्याले दखाडं, तसं माले दखाड."

मी तिच्या मागे जाऊन उभी राहिले आणि मागच्या काठाखाली बोटं घातली.