पोपटी भिंत

सलूनला नवा रंग दिला आणि आठवड्याभरात कारागिराचा हात बिघडला. निदान गिऱ्हाइकांचं तरी तसंच म्हणणं होतं. वीस वर्षं कात्री चालवलेला माणूस, पण आता जो तो आरशात बघून नाक मुरडायचा. "कापलेत बरोबर हो, पण काहीतरी... आजारी दिसतोय मी." तासभर गप्पा ठोकणारे मास्तरसुद्धा टॉवेल निघताच चालायला लागले.

त्याने कात्र्यांना धार लावून आणली, डोळे तपासून घेतले. शेवटी थोरल्या बहिणीजवळ बोलला, "ताई, माझं वय झालं बहुतेक."

"पंचेचाळिशीत? मग मी काय काठी घेऊ?"

ताई कापडाच्या दुकानात कामाला होती. दुसऱ्या दिवशी दुपारच्या सुट्टीत ती सलूनमध्ये येऊन बसली. मास्तर दाढी करून उठले आणि त्यांनी आरशात बघून उसासा टाकला. ताईने हातात धरायचा छोटा आरसा उचलला.

"मास्तर, जरा दारात येता?"

दारातल्या उजेडात मास्तरांनी स्वतःला न्याहाळलं. मान वळवून पुन्हा पाहिलं. "अरे, झकास झालीय की!"

"आम्ही कापड दारात नेऊनच दाखवतो," ताई भावाला म्हणाली. "आत भलताच रंग दिसतो. तुझ्या त्या पोपटी भिंतीची झाक पडते सगळ्यांच्या तोंडावर."

त्याने पांढरा टॉवेल भिंतीजवळ धरला. टॉवेल हिरवट दिसला. "आणि मी शहाणा डोळे तपासत फिरलो!"

मग त्याला नादच लागला. ताईकडून वेगवेगळ्या रंगांच्या कापडाचे तुकडे आणून तो रोज एकेक आरशाभोवती लावायचा आणि गिऱ्हाइकांकडे चोरून बघायचा. फिकट नारिंगीत माणसं दोनदोनदा आरशात बघून मिशीवर हात फिरवत. शेवटी भिंत त्याच रंगाची झाली. पण निळ्याच्या दिवशी सगळे हळू आवाजात बोलत होते, ते का?

"ते मलाही नाही माहीत," ताई म्हणाली.

म्हणून त्याने तो निळा तुकडा घरी नेला आणि दिवसभर कचाकचा भांडणाऱ्या जुळ्या मुलींच्या खोलीत लावला. चहाचा कप घेऊन दाराशी वाट बघत बसला.

पहिल्या दिवशी त्या कापड कुणाच्या बाजूला लावायचं यावरूनच भांडल्या.