शाडूची शेवंता

माझी बायको शेवंता मला फक्त पाठमोरी दिसायला लागली. मी शेगडीला वळसा घालून तिच्या समोर जाऊन उभा राहिलो तरी समोर पाठच असायची. अंबाडा, पदर आणि मानेवरचा तीळ. आरशातही तेच. ती बोलायची, भाकरी वाढायची, मला नावं ठेवायची, पण सगळं पाठमोरं.

हे दातार मॅडमच्या संशोधनामुळं झालं. आमचा मागाचा कारखाना बंद पडला आणि आम्ही घरी बसलो. अशा कामगारांच्या घरात पुढं काय होतं, याचा त्या अभ्यास करतात. प्रश्न विचारले की माणूस आवरून-सावरून बोलतो, हातानं काही घडवताना मात्र खरं सांगून जातो, असं त्यांचं म्हणणं. म्हणून त्या शाडूची माती घेऊन आल्या आणि म्हणाल्या, "काका, तुमचं घर करून दाखवा." माझ्या हातांना सुताची सवय. माझं घर म्हशीनं वर बसल्यासारखं झालं. मॅडमनी हसत हसत ते नीट केलं आणि विचारलं, "बरोबर आहे ना?"

मातीच्या घराला खिडकी करायची राहिली होती. पण बाई भर उन्हात एसटीनं आलेली, पाहुण्याचं मन कसं मोडायचं? मी म्हणालो, "हुबेहूब!"

मॅडम गेल्यावर शेवंता खिडकीत वाळत घातलेला टॉवेल काढायला उठली, तर तिथं भिंत होती. जुनीच, पोपडे आलेली, मधे एक खिळा. टॉवेल काही मिळाला नाही.

पुढच्या खेपेला मातीचं घर पाटावर मावेना, म्हणून मॅडमनी खोली जरा आखूड केली. मी "झकास" म्हणालो. तेव्हापासून आम्ही गुडघे पोटाशी घेऊन झोपतो.

"भीड भिकंची भन असती," शेवंता म्हणाली. तेव्हा तिला चेहरा होता आणि तो तापलेला होता. "त्या बाईला येकदा तरी न्हाई म्हणा की. जीभ झडल व्हय तुमची?"

"म्हणतो," मी म्हणालो.

मग मॅडमनी शेवंताला घडवलं. शेगडीपाशी बसलेली, तोंड भिंतीकडं. "चेहरा मला जमत नाही, काका. पण भाव पोचतो ना? बरोबर आहे ना?" शेवंता चहाचा ट्रे घेऊन माझ्याकडं डोळे वटारून बघत उभी होती. मी नाही म्हणणारच होतो. पण मॅडमच्या नखांत माती गेली होती, कपाळालाही लागली होती, आणि त्या इतक्या आशेनं बघत होत्या की जीभ रेटली नाही.

"अगदी अशीच बसते," मी म्हणालो. ट्रे दिसेनासा झाला. ट्रेच्या जागी पाठ होती.

पहिल्यांदा आम्ही दोघं हसलो. मग ती रडायला लागली. रडण्याचा आवाज यायचा, पण डोळे पुसायला हात पुढं केला की हाताला अंबाडा लागायचा. मला तिचा चेहरा परत पाहिजे होता. खिडकी नसली तरी चाललं असतं, खोली आणखी आखूड झाली तरी चाललं असतं.

मॅडमनी विद्यापीठात प्रदर्शन मांडलं, तेव्हा मी शेवंताला घेऊन गेलो. आमचं घर काचेखाली होतं. मॅडम लोकांना सांगत होत्या की काम सुटलं की घरातला संवाद सुटतो, ही पाठमोरी बाई तेच सांगते आहे. लोक माना डोलवत होते.

"मॅडम, तिचं तोंड इकडं फिरवा," मी म्हणालो.

"आता कसं, काका? निष्कर्ष लिहून झाला. आणि तुम्हीच 'अगदी अशीच बसते' म्हणाला होतात, रेकॉर्डिंग आहे."

"ते माझं चुकलं."

"असं नसतं, काका," त्या मायेनं म्हणाल्या. "तुमचा अनुभव चुकीचा असूच शकत नाही."

मग सगळे चहाला गेले. दालनात आम्ही दोघंच उरलो. शेवंता दारापाशी बाकावर बसली. मी काच उचलून खाली ठेवली, बाटलीतलं पाणी बोटावर घेतलं आणि मातीच्या मानेला लावत राहिलो. मान मऊ झाली. दोन बोटांत डोकं धरून मी ते हळूच फिरवलं. ते मोडलं नाही. मला इतका आनंद झाला की सवयीनं तोंडातून निघून गेलं, "आता बरोबर आहे."

मग मी वाकून बघितलं. मॅडमनी चेहऱ्याच्या जागी काही केलेलंच नव्हतं. सुपारीसारखी गुळगुळीत माती होती.

बाक करकरला. शेवंता उठून माझ्याकडं वळली होती. कपाळापासून हनुवटीपर्यंत काहीच नव्हतं, आणि आता आवाजही नव्हता.

"थांब," मी म्हणालो, "आठवून बघतो. नाक जरा बसकं होतं. का सरळ होतं? चमकी डावीकडं. भुवया..." भुवयांपाशी मी अडलो. कितीतरी वेळ मी नुसता अंबाडाच आठवत होतो.

ती जवळ आली. तिनं माझा ओला अंगठा धरला, नाक असायला हवं तिथं नेऊन टेकवला आणि वाट बघत उभी राहिली.