नदीवरच्या उड्या

मी मेंढीच्या कातड्याचा एक जाड कोट. एक गोष्ट मनात फार दिवस दाबून ठेवली, आता राहवत नाही.

स्वीडनच्या येम्टलांड प्रांतातल्या एका म्हाताऱ्या शिंप्याने मला गाडीवानासाठी शिवलं. पण बाजारात मला उचललं अल्गोट हेडमार्कने. तो फिरत्या नाटक कंपनीतला नट, नुकताच स्टॉकहोमच्या मूकपटांत शिरलेला. दिवसा कॅमेऱ्यासमोर उभा राहायचा आणि घरी आला की स्वयंपाकघरातल्या टेबलावर पटकथा लिहायचा. खोली गारठलेली, म्हणून लिहिताना मला अंगावर घ्यायचा. शब्द अडला की माझ्या कॉलरची लोकर उपटायचा. तिथे मला अजून टक्कल आहे.

१९१७च्या वसंतात त्याने एक प्रसंग लिहिला. वितळत्या नदीत बर्फाच्या लाद्या वाहताहेत, आणि एक लाकूडतोड्या या लादीवरून त्या लादीवर उड्या मारत पलीकडच्या काठावर आपल्या प्रेयसीकडे जातो. लाकूडतोड्याचं काम त्याचंच होतं.

नदीकाठी पोचलो आणि त्याचा चेहरा पांढराफटक पडला. त्याने नाटक कंपनीतल्या जुन्या सोबत्याला, सिक्स्टेन ब्रुलीनला, बाजूला घेतलं. दोघांची उंची सारखी.

"पाठमोरंच दिसायचंय रे. माझ्याऐवजी तू जातोस?"

"कागदावर बऱ्या उड्या मारल्यास! आता का पाय गारठले?" सिक्स्टेन हसला. "दे तो कोट. पण संध्याकाळची कॉफी तुझ्याकडून, दालचिनीच्या पावासकट."

चार लाद्या त्याने हरणासारख्या ओलांडल्या. पाचवी कलली आणि आम्ही दोघेही पाण्यात गेलो.

सिक्स्टेन पट्टीचा पोहणारा होता. हात मारत वर येत होता. पण मी पाणी पीत सुटलो. लोकर भिजली, कातडं भिजलं, मी दगडासारखा जड झालो आणि त्याला खाली ओढू लागलो. तो माझी बटणं काढायला धडपडला, ती निघेनात. काठावरच्यांनी दोर टाकेपर्यंत दोन लाद्या एकमेकींवर आदळल्या आणि त्याचा डावा पाय मध्ये चिरडला. डॉक्टरांना तो गुडघ्याखालून कापावा लागला.

अल्गोट दोनदा इस्पितळाच्या फाटकापर्यंत गेला. मी त्याच्या अंगावर होतो. दोन्ही वेळा तो तसाच परत फिरला.

पहिल्या चार उड्या चित्रपटात आल्या आणि लोकांनी थिएटर डोक्यावर घेतलं. वर्तमानपत्राच्या माणसाने विचारलं, "उड्या तुम्हीच मारल्यात ना?"

अल्गोट माझी कॉलर सारखी करत म्हणाला, "थंडी फार होती हो!"

त्यानंतर त्याने पुष्कळ लिहिलं, पुष्कळ कामं केली. पण त्याच्या पटकथेत पुन्हा कधी नदी आली नाही. पुढे बोलपट आले आणि त्याला कुणी विचारेनासं झालं. तेव्हा एके दिवशी मला अंगावर घेऊन तो येव्हले शहराच्या आगगाडीत बसला. तिथे सिक्स्टेन एका थिएटरच्या दारात तिकिटं फाडायचा.

सिक्स्टेनच्या बायकोने, हुल्डाने, घराचं दार उघडलं. "हेडमार्कसाहेब, चौदा वर्षांनी रस्ता सापडला म्हणायचा!"

अल्गोटने मला काढून सिक्स्टेनसमोर धरलं. "हा तुझा आहे."

"तो नको मला. फार जड होतो," सिक्स्टेन शांतपणे म्हणाला. "रविवारी आमच्या थिएटरात तोच जुना चित्रपट लावताहेत. त्याआधी उभा राहा आणि लोकांना खरं सांग. बस."

रविवारी अल्गोट पडद्यासमोर उभा राहिला. "त्या उड्या माझ्या नव्हत्या. दारात तुमची तिकिटं फाडतो ना, त्याच्या होत्या. मी घाबरलो होतो."

मग पुढच्या रांगेतली एक बाई म्हणाली, "बाई गं, केवढ्या मोठ्या मनाचा माणूस!" आणि सगळं थिएटर उठून टाळ्या वाजवू लागलं. अल्गोटसाठी. दाराकडे एकानेही वळून पाहिलं नाही. सिक्स्टेनने बाहेरून दार ओढून घेतलं. अल्गोट काहीतरी ओरडून सांगत होता, पण त्या कडकडाटात त्याचे नुसते ओठ हलताना दिसत होते.

आता ते दोघेही नाहीत. मी एका छोट्या संग्रहालयात काचेआड उभा आहे. खाली पाटी आहे, 'अल्गोट हेडमार्क यांनी नदीवर उड्या मारल्या तो कोट'. लोक वाचतात, माना डोलावतात, पुढे जातात.

तुमच्यापैकी कुणी इथे आलंच, तर एवढं करा. ती पाटी बदलायला सांगा. तिच्यावर सिक्स्टेन ब्रुलीनचं नाव घाला. आणि त्याखाली, बारीक अक्षरांत का होईना, त्याला पाण्यात खाली ओढणारा कोण होता, तेही लिहा.